पाण्याकडचा दरवाजा आधी बघा: एडवर्डचे वेल्समधले किल्ले

प्रश्न थोडक्यात असा आहे: इंग्लंडच्या पहिल्या एडवर्डने वेल्स जिंकल्यावर तिथे किल्ल्यांची रांग उभी केली. पण आपल्याकडच्या सवयीने पाहिलं तर हे किल्ले चुकीच्या जागी वाटतात. डोंगर सोडून किनाऱ्यावर, काही तर सपाट जमिनीवर. आणि एकेका किल्ल्यावर शिबंदी तीस-पस्तीस माणसांची. एवढ्यात मुलूख कसा ताब्यात राहिला? किल्ल्यांचा खरंच उपयोग झाला का? आणि दोनच दिवस हाताशी असतील तर काय पाहावं?

जुन्या दगडी बांधकामांची पाहणी आणि दुरुस्ती हा माझा पंचवीस वर्षांचा व्यवसाय. चुना, दगड, ओल, भेगा यांच्याशी रोजची गाठ. त्यामुळे कुठल्याही किल्ल्यावर गेलो की माझी नजर आधी भिंतीकडे जाते, राजाकडे नंतर. वेल्सच्या किल्ल्यांवर मी तीनदा गेलो आहे, आणि तिन्ही वेळा एकच गोष्ट जास्त जास्त पटत गेली: हे किल्ले महाद्वारातून समजत नाहीत. पाण्याकडच्या लहान दरवाज्यातून समजतात.

आधी डोंगराचं बोलू. सह्याद्रीतले आपले गड डोंगरात राहणाऱ्याने डोंगराच्या आधाराने बांधलेले आहेत. उत्तर वेल्समध्ये डोंगरात राहणारा वेल्श राजा होता, आणि एडवर्ड खालून चालून येणारा. स्नोडोनियाचे डोंगर, ज्याला वेल्श लोक एरिरी म्हणतात, हे ग्विनेदच्या, म्हणजे उत्तर वेल्सच्या राज्याच्या, राजघराण्याचं माहेरघर. त्यांचे स्वतःचे किल्ले, डोलबादार्न किंवा डोलविदेलान, आजही डोंगरातल्या वाटा अडवून बसलेले दिसतात. लहानसे, पण जागा आपल्याला लगेच कळेल अशी नेमकी. एडवर्डला त्या डोंगरात राहायचंच नव्हतं. डोंगराला बाहेरून विळखा घालायचा आणि आतल्याला कोंडायचं, एवढाच त्याचा हिशेब. डोंगराच्या भोवती तीन बाजूंना समुद्र आणि खाड्या. म्हणून किल्ले पाण्यावर.

हा हिशेब त्याला पहिल्याच लढाईत जमला होता. १२६७ साली इंग्रज दरबाराने ग्विनेदच्या ल्युएलिन अप ग्रिफिदला ‘वेल्सचा राजपुत्र’ म्हणून मान्यता दिली होती. १२७२ मध्ये एडवर्ड गादीवर आला, आणि ल्युएलिन त्याच्यापुढे मुजऱ्याला जाईना. १२७७ मध्ये एडवर्डने फौज काढली. पण निकाल लावला तो जहाजांनी. अँगलसी बेट हे ग्विनेदचं धान्याचं कोठार. एडवर्डने बेटावर आरमार उतरवलं, आणि सैनिकांबरोबर कापणी करणारी माणसंही पाठवली. उभं पीक इंग्रजांनी कापून नेलं. डोंगरात बसलेल्या ल्युएलिनला हिवाळ्याच्या तोंडावर तह करावा लागला. पोटावर मारलेला हा घाव डोक्यात ठेवा, म्हणजे पुढचे सगळे किल्ले कुठे आणि का, ते आपोआप कळत जातं.

त्याच वर्षी फ्लिंट आणि रुद्लानचं काम सुरू झालं. फ्लिंटच्या खंदकासाठी इंग्लंडभरातून खोदाईवाले आणले गेले. भरती सक्तीची, मजुरी मिळे. तरी वाटेत पळून जाऊ नयेत म्हणून काही टोळ्यांबरोबर घोडेस्वार पहारेकरी दिलेले होते. रुद्लानचं काम मला सगळ्यात जास्त थक्क करतं, आणि नेमकं तेच पर्यटकाच्या नजरेतून सुटतं. रुद्लान समुद्रापासून आत आहे. क्लुइड नदी तिथे वळणं घेत, उथळ वाहायची. एडवर्डने किल्ला पाण्याजवळ नेला नाही, पाणीच किल्ल्याजवळ आणलं. नदीचं पात्र काही किलोमीटर सरळ आणि खोल करून घेतलं, जहाजं थेट तटाखाली लागतील असं. हे काम तीन वर्षं चाललं. किल्ल्याच्या खर्चाच्या वह्यांत ही खोदाई नीट लिहिलेली आहे. तटबंदीच्या आधी रसदेची वाट, हा क्रम ज्याने ठरवला त्याला किल्ला म्हणजे काय ते कळलेलं होतं.

१२८२ च्या मार्चमध्ये ल्युएलिनचा भाऊ दाविद उठला. हा आधी एडवर्डच्याच बाजूने लढलेला. त्याच्यामागोमाग ल्युएलिनही उतरला, आणि ११ डिसेंबर १२८२ ला मध्य वेल्समध्ये किलमेरीजवळ मारला गेला. दाविद पुढच्या उन्हाळ्यात पकडला गेला आणि ऑक्टोबर १२८३ मध्ये श्रूजबरीला त्याला हालहाल करून मारलं. या वेळी एडवर्ड तहावर थांबला नाही. १२८३ च्या मार्चमध्ये कॉनवी, आणि त्यानंतर काही महिन्यांतच हार्लेक आणि कायर्नार्वन, अशी तीन कामं एकदम सुरू झाली. १२८४ च्या रुद्लानच्या कायद्याने मुलखाचे इंग्रजी पद्धतीचे जिल्हे पाडले, त्यावर शेरीफ, म्हणजे राजाचे अधिकारी, बसवले. किल्ला, कचेरी आणि गाव एकाच तटाच्या आत. तुमच्या तीस माणसांच्या कोड्याचं निम्मं उत्तर इथेच आहे: शिबंदी एकटी नव्हती.

कॉनवीला हे डोळ्यांनी दिसतं. किल्ल्याला आठ बुरूज, आणि किल्ल्यापासून निघून पूर्ण गावाला वेढा घालून परत किल्ल्याला मिळणारा गावकूस: लांबी सव्वा किलोमीटरहून अधिक, त्यावर एकवीस बुरूज, तीन दरवाजे. किल्ला आणि गावकूस मिळून हे सगळं चार-पाच वर्षांत, १२८७ पर्यंत उभं राहिलं. आत वसवले ते इंग्रज व्यापारी आणि कारागीर, सनदा देऊन. बाहेरचा वेल्श माणूस इथे बाजाराला यायचा, पण राहण्याचा हक्क त्याला नव्हता. म्हणजे तटावर वेळप्रसंगी उभी राहणारी माणसं शिबंदीच्या आकड्यात धरलेलीच नाहीत. ज्याचं घर आणि दुकान आत आहे, तो लढणारच.

आणि ही जागा निवडली तीही जाणून. कॉनवीला सिस्टर्शियन या ख्रिस्ती पंथाचा मठ होता. ल्युएलिनचा आजोबा, थोरला ल्युएलिन, तिथेच पुरलेला. एडवर्डने मठ उचलून नदीच्या वरच्या अंगाला मेनानला हलवला आणि मोकळ्या जागेवर गाव बसवलं. मठाचं चर्च मात्र गावाचं चर्च म्हणून राहिलं, आजही आहे. तटाच्या दक्षिण अंगाने हळूहळू चालत गेलात तर एके ठिकाणी भिंतीत खिडक्या दिसतील. गावकुसाच्या भिंतीत खिडक्या कशाला? ती ल्युएलिनच्या वाड्याची भिंत आहे. पाडण्याऐवजी ती तशीच तटात घेतली. दगडाचं काम करणाऱ्याला अशा जागी हात लावल्यावर जे वाटतं ते शब्दात सांगणं अवघड आहे. एका घराण्याची बैठक दुसऱ्याच्या तटाचा तुकडा झालेली आहे, आणि सांधा अजून वाचता येतो.

आता बांधणाऱ्यांबद्दल, कारण माझा जीव तिथे आहे. या कामांचा मुख्य स्थपती म्हणून मास्टर जेम्स ऑफ सेंट जॉर्ज याचं नाव घेतात. तो सॅव्हॉयचा, म्हणजे आजच्या फ्रान्स-स्वित्झर्लंडच्या आल्प्सच्या भागातला. १२८४ पासून त्याला दिवसाला ३ शिलिंग, म्हणजे ३६ पेन्स, तहहयात बांधून दिले होते. साधा मजूर तेव्हा दिवसाला २ पेन्सच्या आसपास कमवायचा. त्याच्या पश्चात बायकोला निम्मी रक्कम मिळावी अशीही तजवीज होती. सगळं श्रेय एकट्याला देऊ नये असं आता काही अभ्यासक म्हणतात, आणि मला ते रास्त वाटतं. एवढ्या कामावर अनेक उस्ताद असतात. पण सॅव्हॉयचा हात नाकारता येत नाही, आणि त्याचा पुरावा कागदाइतकाच भिंतीतही आहे.

हार्लेक किंवा कॉनवीच्या गोल बुरुजाकडे बाहेरून, थोडं लांबून बघा. भिंतीत ओळीने चौकोनी भोकं दिसतील. ती परांचीच्या आडव्या वाशांची. आपल्याकडे किंवा इंग्लंडमध्ये अशी भोकं आडव्या रांगेत असतात, कारण परांची मजल्यामजल्याने चढते. इथे ती भोकं बुरुजाभोवती तिरकी, गोल चढत जातात, एखाद्या जिन्यासारखी. म्हणजे परांची हीच चढण होती. दगड आणि चुना तिच्यावरून ओढत वर नेत. आल्प्सकडच्या किल्ल्यांत ही पद्धत सापडते. सातशे वर्षांपूर्वीच्या गवंड्याची सवय त्या भोकांत अजून तशीच आहे, आणि ती बघायला तिकिटाशिवाय काही लागत नाही. आज दिसणारा करडा दगड हेही पूर्ण सत्य नाही. कॉनवीच्या भिंतींवर चुन्याच्या गिलाव्याचे अंश मिळतात. किल्ला एकेकाळी पांढराशुभ्र होता. खाडीपलीकडून येणाऱ्याला तो कसा दिसला असेल, याचा विचार करून बघा.

कायर्नार्वनचा थाट वेगळा. इथे बुरूज गोल नाहीत, अनेककोनी आहेत, आणि भिंतीत वेगळ्या रंगाच्या दगडाचे आडवे पट्टे आहेत. हे रूप कॉन्स्टँटिनोपलच्या तटबंदीवरून घेतलं असं बहुतेक अभ्यासक मानतात. शेजारीच सेगोंतियम हे रोमन ठाणं, आणि वेल्श दंतकथेत इथलं नातं थेट रोमन सम्राटाशी जोडलेलं. म्हणजे एडवर्डने वेल्सची जुनी कथाच आपल्या भिंतीत ओढली. २५ एप्रिल १२८४ ला त्याचा मुलगा इथेच जन्मला, आणि १३०१ मध्ये त्याच मुलाला ‘वेल्सचा राजपुत्र’ ही पदवी दिली. ल्युएलिनची पदवी इंग्रज घराण्यात गेली ती तिथून. राजद्वारात पाच दारं आणि वरून खाली सोडायचे सहा जाळीदार अडसर योजलेले होते. पण आत वळून पाहा: भिंतीतून एकाआड एक दगड बाहेर सोडलेले दिसतील. पुढची भिंत सांधण्यासाठी गवंडी असे दाते सोडतो. त्या भिंती आल्याच नाहीत. १३३० च्या सुमाराला काम थांबलं तेव्हाही आतला बराच भाग कागदावरच होता.

त्या अपुरेपणाची किंमत आधीच मोजावी लागली होती. १२९४ च्या सप्टेंबरमध्ये मादोग अप ल्युएलिन या वेल्श सरदाराचं बंड झालं. कर आणि सैन्यभरती यांनी लोक पिचलेले होते. कायर्नार्वनला गावाच्या बाजूचा किल्ल्याचा तट तेव्हा चढलेला नव्हता. गावकूस ओलांडून लोक आत आले, किल्ला जाळला, शेरीफला ठार केलं. राज्यकारभाराचं मुख्य ठिकाण एका फटक्यात गेलं. त्याच वेळी हार्लेक मात्र टिकला, आणि तो मूठभर माणसांनी, सदतीस म्हणतात, टिकवला. फरक काय? हार्लेक पूर्ण झालेला होता हा एक. दुसरा, त्याचा पाण्याकडचा दरवाजा.

हार्लेक सुमारे साठ मीटर उंच कातळावर आहे; त्या दृष्टीने आपल्या डोळ्याला या किल्ल्यांत सगळ्यात ओळखीचा. जमिनीकडून दुहेरी तट आणि प्रचंड दरवाजा. पण पश्चिमेला कातळावरून एक तटबंद जिना थेट पायथ्याशी उतरतो, शंभराहून जास्त पायऱ्यांचा. खाली छोटा दरवाजा, आणि तेव्हा त्याच्या तोंडाशी भरतीचं पाणी. आयर्लंडहून जहाजं यायची, धान्य आणि माणसं त्या जिन्याने वर जायची. वेढा घालणारा पुढच्या दरवाज्यासमोर महिनोन्‌महिने बसला तरी आतल्यांची चूल पेटतच राहायची. आपल्याकडे जंजिरा का पडला नाही, त्याचं उत्तर आणि हार्लेक का टिकला, याचं उत्तर एकाच जातीचं आहे. म्हणून तीस माणसं पुरायची. नेमणुकीच्या कागदांत कॉनवीला तीस माणसं, त्यांत पंधरा क्रॉसबोवाले, शिवाय एक पुरोहित, एक लोहार, एक सुतार, एक गवंडी असे धरलेले दिसतात. गवंडी शिबंदीत धरणारा किल्लेदार मला फार शहाणा वाटतो.

याची दुसरी बाजूही त्याच हिवाळ्यात दिसली. बंड मोडायला आलेला खुद्द एडवर्ड कॉनवीला अडकला. पूर आला, मागची रसद वेल्श लोकांनी लुटली, आणि राजाला काही काळ हलता येईना. बखरकार सांगतो की उरलेली थोडी दारू राजाने स्वतःसाठी न ठेवता सगळ्यांत वाटली. पूर ओसरून वाट मोकळी झाली तशी सुटका झाली.

बंडानंतर, १२९५ च्या एप्रिलमध्ये, शेवटचा किल्ला सुरू झाला: अँगलसीवरचा बोमॅरिस. जागा दलदलीची आणि सपाट. नावच ‘सुंदर दलदल’. शेजारचं लानवाइस हे भरभराटीचं वेल्श बंदर उठवलं आणि तिथल्या लोकांना बेटाच्या दुसऱ्या टोकाला नेऊन वसवलं. कातळाची अडचण नसल्यामुळे आखणी कंपासने काढल्यासारखी आली: आत उंच तट, बाहेर ठेंगणा तट, भोवती पाण्याचा खंदक. आतल्या तटावरचा तिरंदाज बाहेरच्या तटावरच्या माणसाच्या डोक्यावरून मारा करू शकतो. बाहेरचा आणि आतला दरवाजा एका रेषेत नाहीत, म्हणजे घुसणाऱ्याला वळावं लागतं आणि वळताना तो माऱ्यात येतो. आणि समुद्राच्या दरवाज्याशी धक्का, जिथे भरतीला ४० टनी गलबत माल घेऊन लागायचं.

या कामावरून मास्टर जेम्सने आणि त्याच्याबरोबरच्या कारकुनाने २७ फेब्रुवारी १२९६ ला लंडनच्या खजिन्याला लिहिलेलं पत्र शिल्लक आहे. बांधकामावर काम केलेल्या कुणीही ते वाचावं. एवढा पैसा जातो कुठे असं तुम्हाला वाटेल, तर ऐका, असं म्हणून ते मोजतात: ४०० गवंडी, २००० हलकी कामं करणारे मजूर, १०० गाड्या, ६० मोठ्या गाड्या, दगड आणि कोळसा आणणाऱ्या ३० होड्या, खाणीत २०० माणसं, ३० लोहार, शिवाय सुतार. आठवड्याला किमान २५० पौंड हवेत. मजुरी थकली आहे, माणसं टिकवणं कठीण झालं आहे. वेल्श लोकांवर डोळा ठेवायला हवा, फ्रान्स आणि स्कॉटलंडशी युद्ध झालं तर जास्तच. आणि शेवटी, देवाच्या नावाने सांगतो, पैसे लवकर पाठवा, नाहीतर आजवर केलेलं सगळं वाया जाईल.

पैसे हवे तसे आले नाहीत. स्कॉटलंडची लढाई सुरू झाली, तिजोरी तिकडे वळली. बोमॅरिसचे आतले बुरूज ठरल्या उंचीला कधीच गेले नाहीत. म्हणून तो आज पाण्यात बसलेला, ठेंगणा दिसतो. एकंदर खर्चाचा अंदाज द्यायचा तर कॉनवी सुमारे १५,००० पौंड, हार्लेक ८,००० च्या वर, बोमॅरिस १४-१५ हजार, आणि कायर्नार्वन २० ते २५ हजार.

मग उपयोग झाला का? शंभर वर्षं झाला असं मी म्हणेन. पुढे डागडुजीला पैसा नाही, छपरं गळतात, शिबंदीचा पगार थकतो, अशी अवस्था आली. १४०० मध्ये ओवेन ग्लिंदूर या वेल्श सरदाराचा उठाव झाला, आणि १ एप्रिल १४०१ ला, गुड फ्रायडेच्या दिवशी, कॉनवी पडला. कसा? शिबंदी प्रार्थनेला गावातल्या चर्चमध्ये होती, त्याच मठाच्या जुन्या चर्चमध्ये. एक माणूस सुतार म्हणून कामाला आल्याचं सांगत दरवाज्यात आला, पहारेकरी मारले गेले, आणि रीस आणि ग्विलिम या तुदुर भावांची माणसं आत शिरली. तट शाबूत, बुरूज शाबूत. वाटाघाटी होऊन किल्ला परत मिळायला उन्हाळा उजाडला. या दोघांच्या तिसऱ्या भावाचा पणतू पुढे सातवा हेन्री म्हणून इंग्लंडच्या गादीवर बसला, हेही जाता जाता. १४०४ मध्ये हार्लेकही ग्लिंदूरकडे गेला आणि १४०९ पर्यंत त्याचं घर आणि दरबार तिथे होता. कायर्नार्वन, आता तट पूर्ण झालेला, लागोपाठच्या वेढ्यांत टिकला.

आजच्या वेल्श माणसाला हे किल्ले बघून काय वाटतं, तेही समजून घ्या. १९८६ पासून कॉनवी, कायर्नार्वन, हार्लेक आणि बोमॅरिस हे चार किल्ले आणि पहिल्या दोहोंची गावकुसं जागतिक वारसा आहेत, पर्यटनावर गावं चालतात. तरी २०१७ मध्ये फ्लिंटला लोखंडी कड्याचं एक भव्य शिल्प उभारायचं ठरलं तेव्हा हजारो लोकांनी सह्या करून विरोध केला, कारण एडवर्डच्या किल्ल्यांच्या विळख्याला ‘लोखंडी कडं’ म्हणतात. बेत रद्द झाला. तिथल्या स्थानिकाशी बोलताना ‘तुमचे किल्ले’ म्हणण्याआधी हे लक्षात असू द्या.

दोन दिवसांचं सांगतो. पहिला दिवस कॉनवी, आणि तो पूर्ण द्या. रेल्वे स्टेशन तटाच्या आतच आहे. किल्ल्यात जाण्याआधी गावकुसावरून चाला, खिडक्यांची भिंत शोधा, मग चर्चमध्ये जा, मग किल्ला. घाई नसेल तर संध्याकाळी पुलापलीकडून एकदा मागे वळून पाहा. दुसऱ्या दिवशी सकाळी कायर्नार्वन, दुपारनंतर हार्लेक. या दोहोंमध्ये थेट रेल्वे नाही, बस किंवा गाडी ठेवा. बोमॅरिस सोडताना वाईट वाटेल, पण दोन दिवसांत चार किल्ले उरकण्यात अर्थ नाही.

हार्लेकला पश्चिमेच्या तटावर उभे राहा आणि खाली जिन्याची रेघ शोधा. जिना उतरत उतरत पायथ्याच्या दरवाज्यापर्यंत जातो, आणि दरवाज्यासमोर रेल्वेचे रूळ, घरं, सपाट जमीन, वाळूच्या टेकड्या दिसतात. समुद्र त्यांच्याही पलीकडे, बराच दूर सरकलेला.